घरात कॅमेरा येतो तेव्हा

(वसई तालुक्यातील कार्यकर्त्यांच्या मेळाव्यात केलेले भाषण)



आजच्या सभेच्या पत्रिकेत पाचव्या क्रमांकावर एक विषय आहे : 'चित्रपट करणाऱ्या मुलांचा अर्ज'. भाजीचे दर, बावखलांवरचा भराव आणि विहिरींचे खारे पाणी या विषयांवर दोन तास घसा कोरडा झाल्यावर हा पाचवा विषय म्हणजे जेवणाआधीची करमणूक, असे काहींना वाटत असेल. आम्हाला तसे वाटत नाही. आज सकाळपासून जे जे बोलून झाले, त्यातले सर्वांत नाजूक काम याच विषयात आहे.

अर्ज काय आहे ते आधी सांगतो. आपल्याच तालुक्यातली तीन मुले आहेत. मुंबईत राहून सिनेमाचे शिक्षण घेतले, आता माहितीपट करायचा म्हणतात. त्यांना मोर्चा नको, भाषणे नकोत, आमची मुलाखतसुद्धा नको. (हे ऐकून आमच्या समितीतल्या दोघा-तिघांचा चेहरा उतरला, ते सोडा.) त्यांना चार घरे हवी आहेत. जमीन विकून झालेले एक घर, वाटणीवरून कोर्टात गेलेल्या भावांचे एक घर, होडीवर कर्ज असलेले एक घर, आणि अजून वाडी कसणारे एक घर. वर्षभर त्या घरांत जायचे, बसायचे, जेवायचे आणि चित्रण करायचे. चौकटीबाहेरच्या माणसाला आपल्याकडे कोणी माजघरात घेत नाही, म्हणून संघटनेने शब्द टाकावा, एवढीच त्यांची मागणी.

गेल्या बैठकीत दोन हरकती आल्या. एक म्हणाले, घरचे भांडण चव्हाट्यावर कशाला मांडायचे? दुसरे म्हणाले, ही मुले परदेशात जाऊन बक्षिसे घेतील आणि आपण इथेच राहू, आपल्या विहिरीत खारे पाणी तसेच राहील. दोन्ही हरकती खऱ्या आहेत. त्या झटकून टाकाव्यात असे आम्ही म्हणणार नाही. पण त्या नव्या नाहीत. पन्नास वर्षे हेच काम करणाऱ्या एका माणसाला या दोन्ही हरकती तोंडावर ऐकाव्या लागल्या, आणि त्याने त्यांचे काय केले ते बघण्यासारखे आहे. आनंद पटवर्धन हे नाव तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी ऐकले असेल. 'राम के नाम' १९९२ चा, 'जय भीम कॉम्रेड' २०११ चा. त्यांचा आपल्याशी काय संबंध, असे विचाराल तर तो जुना आहे.

जन्म १९५० चा, मुंबईचा. शिकायला अमेरिकेत गेले, तिथे सेझार चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेत स्वयंसेवक म्हणून राबले. परत आल्यावर मध्य प्रदेशात होशंगाबाद जिल्ह्यात 'किशोर भारती' या संस्थेत राहिले. तिथे शिक्षण आणि शेती दोन्ही चालत असे. मग १९७४ चे बिहार आंदोलन आले आणि हातात कॅमेरा आला. 'क्रांती की तरंगे' हा त्यावरचा माहितीपट आणीबाणीत लपवून ठेवावा लागला, तुकडे करून देशाबाहेर पाठवावा लागला. कॅनडात असताना जिम मनरो यांच्याबरोबर 'अ टाइम टु राइज' केला, १९८१ साली. ब्रिटिश कोलंबियात फळांच्या आणि भाजीच्या मळ्यांवर राबणाऱ्या, बहुतेक पंजाबातून गेलेल्या कुटुंबांनी आपली युनियन कशी बांधली, त्याची ती हकीकत आहे. परदेशात गेलेला आपला शेतकरी तिथे दुसऱ्याच्या शेतात रोजंदार होतो, ही गोष्ट आपल्या वर्तमानपत्रांना फार उशिरा कळली.

आता पहिली गोष्ट. १९८५ साली त्यांचा 'हमारा शहर' आला. मुंबईच्या फुटपाथवर आणि झोपडपट्टीत राहणाऱ्या माणसांचा. त्यात एके ठिकाणी एक बाई थेट कॅमेऱ्यावरच धावून येते. आमचे फोटो काढून तुम्ही काय करणार, गरिबांच्या चित्रांवर नाव कमावणार, अशा अर्थाचे ती सुनावते. ही तीच हरकत, जी गेल्या बैठकीत आपल्या एका भावाने घेतली. पटवर्धनांनी तो भाग कापला नाही. चित्रपटात ठेवला. दुसरा कोणी असता तर आधी तोच तुकडा कात्रीखाली गेला असता, कारण तो चित्रपट करणाऱ्यालाच नागडा करतो.

पण नुसते ठेवून भागत नाही. प्रश्न ठेवला म्हणजे उत्तर दिले असे होत नाही. पुढच्याच वर्षी, १९८६ साली, नरिमन पॉइंटजवळच्या संजय गांधी नगरची वस्ती पाडली, तेव्हा त्या रहिवाशांबरोबर शबाना आझमी आणि पटवर्धन उपोषणाला बसले, आणि सरकारला गोरेगावकडे पर्यायी जागा द्यावी लागली. बाईने विचारले होते, तुम्ही काय करणार? त्याचे एक उत्तर हे होते. आम्हाला यात महत्त्वाचे वाटते ते हे की कॅमेरा बंद झाल्यावर माणूस तिथे राहिला. मुलांना आपण हेच विचारले पाहिजे. चित्रण संपल्यावर तुम्ही कुठे असाल?

मच्छीमार बंधू आज सभेला आले आहेत, पाचूबंदरचे आहेत, अर्नाळ्याचे आहेत. त्यांच्यासाठी एक सांगतो. १९९८ साली पटवर्धनांनी मासेमारीवर माहितीपट केला. परदेशी कंपन्यांच्या भागीदारीतल्या मोठ्या जहाजांना आपला समुद्र खुला केला, त्याविरुद्ध राष्ट्रीय मच्छीमार संघटनेने, फादर थॉमस कोचेरी आणि त्यांच्या साथींनी जो लढा दिला, तो त्यात आहे. त्या लढ्यामुळेच मुरारी समिती नेमावी लागली आणि तिने १९९६ साली ते परवाने रद्द करण्याची शिफारस केली. हा विजय किती कोळीवाड्यांतल्या पोरांना माहीत आहे? आम्ही विचारून पाहिले. फारसे कोणाला नाही. लढा जिंकून वीस-पंचवीस वर्षांत विसरला जातो, कारण आपण नोंद ठेवत नाही. ठराव लिहितो, वही कपाटात जाते, कपाटाला वाळवी लागते.

हे सगळे झाले मोर्चाचे, लढ्याचे. मुलांना हवी आहेत घरे. म्हणून आता त्या चित्रपटाकडे येतो, ज्याच्यासाठी आम्ही हे सर्व सांगत आहोत.

२०२३ साली पटवर्धनांचा 'वसुधैव कुटुंबकम्' आला. दीड तासापेक्षा थोडा जास्त आहे. ज्या माणसाने आयुष्यभर दुसऱ्यांच्या वस्त्यांत कॅमेरा नेला, त्याने या वेळी तो आपल्या आईवडिलांसमोर धरला. चित्रपट करायचा म्हणून नाही. आईवडील थकत चालले, म्हणून घरातल्या घरात चित्रण सुरू केले, आणि ते वर्षानुवर्षे साठत गेले. वडील वासुदेव, घरात बाळू. त्यांचे थोरले भाऊ म्हणजे अहमदनगरचे, आताच्या अहिल्यानगरचे, रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन. बेचाळीसच्या चळवळीत भूमिगत राहून ज्यांनी इंग्रजांना शेवटपर्यंत हाती लागू दिले नाही, साताऱ्याच्या प्रतिसरकारशी ज्यांचे नाव जोडलेले आहे, ते हे अच्युतराव. स्वातंत्र्य आल्यावर हाच माणूस १९५० च्या सुमारास राजकारणातून बाजूला झाला आणि १९९२ साली वारल्याची बातमी वर्तमानपत्रात आली, तेव्हा नव्या पिढीने विचारले, हे कोण?

आई निर्मला. सिंधमधल्या हैदराबादच्या. त्यांचे वडील भाई प्रताप. फाळणीत सिंध सुटले तेव्हा याच भाई प्रतापांनी पुढाकार घेतला, कच्छच्या महारावांकडून १५ हजार एकर जमीन मिळाली, आणि सिंधी निर्वासितांसाठी गांधीधाम उभे राहिले. जमीन सुटणे म्हणजे काय आणि परक्या मातीवर पुन्हा उभे राहणे म्हणजे काय, हे त्या घराने भोगलेले आहे. निर्मलाबाई शांतिनिकेतनात शिकल्या आणि पुढे कुंभारकाम त्यांनी आयुष्यभर केले. भांड्यावरच्या झिलईचे रसायन, भट्टीचे तापमान, कोणती माती कुठे फुटते, यावर त्यांनी कुंभारांसाठी पुस्तक लिहिले. आम्ही शेतीची पदवी घेताना मातीची रासायनिक चाचणी शिकलो, पण आमच्या एकाही प्राध्यापकाने कुंभाराकडे नेले नाही. माती समजणारी दोन माणसे एका गावात राहतात आणि एकमेकांशी बोलत नाहीत, असली आपली शिक्षणपद्धती. हे विषयांतर झाले, पण मनात होते.

आमच्यापैकी काही जणांनी हा चित्रपट पाहिला. आपल्याला वाटते, स्वातंत्र्यसैनिकांच्या घरावरचा चित्रपट म्हणजे हार, तसबिरी आणि देशभक्तीची गाणी. तसे काही नाही. म्हातारा-म्हातारी एकमेकांची थट्टा करतात. मुलगा प्रश्न विचारतो आणि ते उत्तरे देता देता कुठेतरी भलतीकडेच जातात. जुनी माणसे आठवतात, त्यातली काही इतिहासाच्या पुस्तकातली असतात, पण बोलणे चालू असते ते घरच्या माणसांबद्दल बोलावे तसे. आणि हळूहळू आपल्या डोळ्यांसमोर ती दोघे म्हातारी होतात. शरीर थकते. शेवटी दोघेही जातात. मोठ्या घटनांच्या धक्क्याने एक कुटुंब कसे हलले आणि तरी हसत कसे राहिले, हे त्यात दिसते. दुःख आहे, पण ते विकायला मांडलेले नाही.

आपल्याकडे शेतकऱ्याच्या घरात कॅमेरा केव्हा येतो? विदर्भातल्या आत्महत्यांवर चांगले माहितीपट झाले. दीपा भाटिया यांचा 'नीरोज गेस्ट्स' आहे, २००९ चा, पी. साईनाथ यांच्या कामावरचा. नंदन सक्सेना आणि कविता बहल यांचा 'कॉटन फॉर माय श्राउड' आहे, २०११ चा. ती कामे आवश्यक होती, त्या लोकांनी मेहनत केली. पण त्यांच्यामागून वाहिन्यांच्या गाड्या आल्या, आणि त्यांनी काय केले? हार घातलेला फोटो, कोपऱ्यात बसलेली बाई, बँकेच्या कागदांची पिशवी, आणि माइक पुढे करून विचारलेला प्रश्न : कसं वाटतंय? शेतकऱ्याच्या घरात माणूस मेला तरच कॅमेरा येणार, हा जणू नियम होऊन बसला. मग त्या घरात मरणाआधी वीस वर्षे काय चालले होते, मुलीच्या लग्नाला किती उचल घेतली, भाऊ भावाशी केव्हापासून बोलेनासा झाला, सून पहाटे किती वाजता उठत होती, याची नोंद कोणाकडेच नसते.

माती परीक्षणासाठी नमुना कसा घ्यायचा, हे आम्ही तुम्हाला कितीदा तरी सांगितले आहे. शेणखताच्या ढिगाखालची माती घ्यायची नाही, बांधालगतची नाही, झाडाखालची नाही. नागमोडी चालत आठ-दहा ठिकाणी वीतभर खोल खड्डे घ्यायचे, ती माती एकत्र करायची, चार भाग करून समोरासमोरचे दोन टाकायचे, असे करत अर्धा किलो उरवायची. तरच ती त्या शेताची माती. एका घराचे रडणे दाखवून 'हे शेतकऱ्याचे जीवन' म्हणणारा माणूस ढिगाखालची माती प्रयोगशाळेत पाठवतो. अहवाल येतो, पण तो शेताचा नसतो. वर्षभर घरात बसू द्या असे ही मुले म्हणतात, ते आम्हाला या कारणासाठी पटते.

याचे जवळचे उदाहरण आहे. सर्वनिक कौर या दिग्दर्शिकेने मुंबईच्या दोन कोळी मित्रांवर 'अगेन्स्ट द टाइड' केला. २०२३ साली अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात त्याला ज्युरीचे विशेष पारितोषिक मिळाले. एक मित्र जुन्या पद्धतीने किनाऱ्याजवळ मासे धरतो, दुसरा स्कॉटलंडमध्ये शिकून आलेला, खोल समुद्रात बोट घेऊन जातो आणि कर्जात रुततो. पहिल्याच्या घरी बाळ जन्मते, त्याच्या हृदयात दोष निघतो. आणि दोघांत वाद चालू राहतो तो एलईडी दिव्यांचा. केंद्राने २०१७ साली त्या दिव्यांवर बंदी घातली, तरी दिवे समुद्रात आहेतच, हे पाचूबंदरच्या भावांना आम्ही सांगायला नको. या चित्रपटात बंदीचा आदेश वाचून दाखवलेला नाही. बाळाच्या उपचाराचा पैसा कुठून येणार आणि जाळ्यात मासा का नाही, हे एकाच स्वयंपाकघरात दिसते. आमच्या दहा पत्रकांनी जे समजावले नसते ते त्यात समजते. हे मान्य करायला आम्हाला काही कमीपणा वाटत नाही.

आता पटवर्धनांच्या चित्रपटाबद्दल आमच्या दोन तक्रारी. त्या सांगितल्याशिवाय पुढे जाणे बरोबर नाही.

एक अशी, की त्यांच्या घरात जपून ठेवलेले बरेच होते. फोटो होते, नावे इतिहासात होती. चित्रण करणारा मुलगाच घरात होता. आपल्या घरांत काय आहे? सातबारा आहे, त्यावर पुरुषांची नावे. वारस नोंदीचा फेरफार आहे. लग्नाचा अल्बम आहे. निर्मळ, वाघोली, नंदाखाल, भुईगाव, गास या पट्ट्यात ज्या बायांनी पहाटेच्या गाडीने भाजीच्या आणि फुलांच्या पाट्या दादरला नेल्या, घरे उभी केली, पोरांना शिकवले, त्यांची नावे कोणत्या कागदावर आहेत? मुलींना वडिलार्जित जमिनीत मुलाइतका हक्क महाराष्ट्राने १९९४ साली दिला, देशाने २००५ साली. किती बहिणींनी तो घेतला, किती बहिणींनी हक्कसोडपत्रावर सही केली आणि ती सही करताना घरात काय बोलणे झाले? ही गोष्ट आम्ही सभेत विचारली तर सगळे छताकडे बघतात. सुकेळी कशी वाळवायची, राजेळी केळ्याचा घड केव्हा उतरवायचा, रहाटाचे पाणी कोणत्या आळ्याला किती, हे ज्यांना माहीत आहे, त्या बोलतात सामवेदीत, नाहीतर वाडवळीत. त्यांच्या नातवंडांना ती भाषा कळते पण बोलता येत नाही. ज्या घरात कागद नाही, त्या घरालाच कॅमेऱ्याची गरज जास्त.

दुसरी तक्रार अशी. तो चित्रपट लोकांसमोर आला तेव्हा आईवडील दोघेही नव्हते. मुलगाच करणारा, त्यामुळे तिथे ते निभावले. आपल्याकडे ते चालणार नाही. ज्याचे घर दाखवायचे, त्याने ते आधी पाहिले पाहिजे, आणि धडधाकट असताना पाहिले पाहिजे. नको म्हणाला तर तो भाग निघाला पाहिजे. इथे कलेचे स्वातंत्र्य वगैरे आम्ही ऐकून घेणार नाही. मुलांना हे सांगितले, तेव्हा एकाने कुरकुर केली, दोघे कबूल झाले.

पहिली हरकत राहिली, चव्हाट्याची. त्या हरकतीत एक व्यवहाराची गोष्ट दडली आहे आणि ती आपण नीट धरली पाहिजे. १९९० साली सिडकोकडे इथल्या नियोजनाचे अधिकार गेले, तेव्हापासून या तालुक्यात जमिनीवर डोळा ठेवणारे लोक काय काय वाचतात आणि बघतात, हे आपण पाहिले आहे. फादर फ्रान्सिस दिब्रिटो आणि हरित वसई संरक्षण समितीने ज्या काळात लढा दिला, त्या काळात कोणत्या घरात भाऊबंदकी आहे हे दलालाला घरच्या पाहुण्यांच्या आधी कळत असे. भांडणारे भाऊ म्हणजे स्वस्तात मिळणारी जमीन. आता तेच भांडण पडद्यावर दाखवायचे, सर्व्हे नंबरासह? म्हणून आमचे म्हणणे असे की चित्रपटात गट नंबर, सर्व्हे नंबर, सातबाऱ्याचा कागद, कर्जाचा आकडा, यातले काही वाचता येईल असे दिसता कामा नये. कोर्टात दावा चालू असलेल्या घरात दोन्ही बाजूंची संमती हवी, नाहीतर त्या घरात जाऊच नये. लहान मुलांचे चेहरे दाखवायचे की नाही हे आईने ठरवावे. आणि घरातल्या सुनांना, मुलींना वेगळे विचारावे. ओटीवर सासरा बसलेला असताना सून हो म्हणते, त्या होला अर्थ नाही, हे इथल्या बहिणी आम्हाला सांगतील.

पहिले दोन महिने कॅमेरा पिशवीतच राहावा, अशीही एक सूचना आली आहे. ती आमची नाही, नाळ्याच्या एका भगिनीची आहे, आणि सगळ्यांत शहाणपणाची आहे. त्या म्हणाल्या, आधी त्यांना पाट्या उचलू द्या, मग बघू.

तयार चित्रपटाची एक प्रत संघटनेकडे आणि एक त्या त्या घराकडे राहील. पहिला खेळ गावातच होईल, मुंबईच्या सभागृहात नंतर. बक्षिसाचे पैसे आले तर काय, हा प्रश्न एका भावाने विचारला. मुले म्हणतात, माहितीपटाला पैसे मिळत नाहीत, उलट जातात. आम्हाला त्यांचा चेहरा बघून ते खरे वाटले. पण कागदावर लिहून घेऊ.

चारपैकी दोन घरांशी बोलणे झाले आहे. होडीवाले घर अजून विचार करते आहे. कोर्टातल्या भावांपैकी धाकटा तयार आहे, थोरला नाही, म्हणजे ते घर तूर्त बाद. वाडी कसणाऱ्या घरातल्या आजी, वय ऐंशीच्या पुढचे, एका अटीवर तयार झाल्या. त्यांच्या वाडीलगतच्या बावखलावर पूर्वी रहाट होता, त्याचे दगडी बांधकाम अजून उभे आहे. बावखलाच्या पलीकडच्या बाजूची जमीन विकली गेली आणि तिथून डंपर येऊ लागले आहेत. आजी म्हणाल्या, मला दाखवा नाहीतर नका दाखवू, ते आधी घ्या. मंगळवारी आमचे दोन कार्यकर्ते जाऊन पाहून आले, तेव्हा एक कोपरा बुजला होता. तहसीलदारांकडे तक्रार दिली आहे, तिची पोच सचिवांकडे आहे. मुलांना परवानगी द्यायची असेल तर जेवणानंतर लगेच मत घेऊ, म्हणजे त्यांना उद्या सकाळी तिथे जाता येईल.